दादासाहेब तोरणे यांच्या चित्रपट-कारकिर्दीविषयी वारंवार विचारले जाणारे प्रश्न

मालवण, कुडाळ, कणकवली, वेंगुर्ले या भागांतील शाळा-महाविद्यालयांतून, वाचनालयांतून आणि मे महिन्यात गावी येणाऱ्या चाकरमान्यांकडून दादासाहेब तोरणे यांच्याविषयी जे प्रश्न पुन्हापुन्हा विचारले जातात, त्यांची उत्तरे येथे एकत्र दिली आहेत. बहुतेकांची चौकशी ‘पहिला चित्रपट कोणाचा?’ या प्रश्नापासून सुरू होते आणि तेथेच थांबते. त्या प्रश्नाचे उत्तर पुढे सविस्तर आहेच. मात्र तोरणे यांचे कर्तृत्व त्या एका वादात मावणारे नाही, असे आमचे स्पष्ट मत आहे आणि उत्तरांची मांडणी त्या मताला धरून केली आहे.

दादासाहेब तोरणे कोण होते?

त्यांचे पूर्ण नाव रामचंद्र गोपाळ तोरणे. जन्म १३ एप्रिल १८९०, मृत्यू १९ जानेवारी १९६०. १८ मे १९१२ रोजी मुंबईत गिरगावच्या कोरोनेशन सिनेमॅटोग्राफमध्ये दाखवल्या गेलेल्या ‘श्री पुंडलिक’ या मूकपटाचे कर्ते म्हणून त्यांचे नाव इतिहासात नोंदलेले आहे. त्यानंतर त्यांनी चित्रपटांचे वितरण केले, कॅमेरे व ध्वनिमुद्रण यंत्रे आयात करून विकली, मूकपट दिग्दर्शित केले आणि पुण्यात ‘सरस्वती सिनेटोन’ ही स्वतःची निर्मितीसंस्था उभारली. मूकपट आणि बोलपट या दोन्ही युगांच्या प्रारंभी जातीने हजर असलेली माणसे आपल्याकडे मोजकीच आहेत. तोरणे त्यांपैकी एक.

ते मालवणचे की मुंबईचे की पुण्याचे?

जन्माने मालवणकडचे, उमेदवारीने मुंबईचे आणि व्यवसायाच्या भरभराटीच्या काळात पुण्याचे. मालवण तालुक्यातील सुकळवाड हे त्यांचे गाव मानले जाते. जुन्या लिखाणात ‘रत्नागिरी जिल्हा’ असा उल्लेख आढळला तर गोंधळून जाऊ नये. सिंधुदुर्ग जिल्हा १ मे १९८१ रोजी वेगळा झाला, त्यापूर्वी मालवण तालुका रत्नागिरी जिल्ह्यातच होता.

वडिलांचे छत्र लहानपणीच हरपले, शिक्षण फारसे झाले नाही आणि पोटासाठी मुंबई गाठावी लागली, हा त्यांच्या बालपणाचा सारांश त्या काळच्या असंख्य कोकणी मुलांच्या बालपणाला लागू पडेल. किनाऱ्याला ना रेल्वे होती ना धड रस्ता. हंगामात आगबोट हेच मुंबईला जाण्याचे साधन होते आणि पावसाळ्यात बंदरे बंद झाली की घाट चढून कोल्हापूर गाठावे लागे, जेथे रेल्वे १८९१ मध्ये पोहोचली होती. कोकण रेल्वे पूर्ण मार्गावर धावू लागली ती १९९८ मध्ये. मुंबईला गेलेला मुलगा गणपती-शिमग्यालाच गावी दिसे आणि पुढे तो मुंबईचाच होऊन जाई. तोरणे यांचे नाव त्यांच्या स्वतःच्या तालुक्यात कमी ऐकू येते, त्याला हेही एक कारण असावे.

चित्रपटाचे शिक्षण त्यांनी कोठे घेतले?

असे शिक्षण देणारी संस्थाच तेव्हा भारतात नव्हती. पुण्याची फिल्म इन्स्टिट्यूट १९६० मध्ये, म्हणजे तोरणे यांच्या निधनाच्या वर्षी सुरू झाली. तोरणे मुंबईत एका कंपनीत नोकरीला होते आणि त्या नोकरीत त्यांना विजेच्या कामाची माहिती झाली. दुसरीकडे श्रीपाद संगीत मंडळी या नाटक कंपनीशी त्यांचा संबंध आला. यंत्र हाताळण्याची सवय आणि रंगभूमीची जवळून ओळख अशा दोन गोष्टी एका तरुणाच्या ठिकाणी एकत्र आल्या आणि त्याच सुमारास मुंबईच्या चित्रगृहांत परदेशी चित्रपट नियमितपणे दाखवले जात होते. ‘पुंडलिक’ प्रदर्शित झाला तेव्हा ते अवघ्या बावीस वर्षांचे होते.

‘श्री पुंडलिक’ची निर्मिती कशी झाली?

रामराव कीर्तिकर यांचे ‘श्री पुंडलिक’ हे नाटक तेव्हा रंगभूमीवर होते. आईवडिलांच्या सेवेत गुंतलेला पुंडलिक दारी आलेल्या पांडुरंगाला विटेवर थांबवतो, ही कथा महाराष्ट्रातील कोणत्याही प्रेक्षकाला पाठ होती. आवाज नसलेल्या माध्यमासाठी ही निवड फार सूज्ञपणाची होती. जी कथा प्रेक्षकाला आधीच माहीत आहे, तिच्यातील पात्रांचे ओठ हलताना दिसले तरी पुरते. तोरणे यांच्या जोडीला नानासाहेब चित्रे आणि टिपणीस हे सहकारी होते. कॅमेरा चालवणारे गृहस्थ जॉन्सन नावाचे इंग्रज होते आणि चित्रीकरण मुंबईत मंगळदास वाडी येथे झाले.

आरंभी कॅमेरा एका जागी रोवून नाटक सरळ टिपले गेले, पण तो परिणाम तोरणे यांना पसंत पडला नाही, म्हणून त्यांनी प्रसंगांचे तुकडे निरनिराळ्या जागांवरून घेऊन नंतर जोडले, असे सांगितले जाते. हे वर्णन त्या काळच्या यंत्राशी जुळते. १९१२ चा कॅमेरा हाताने फिरवावा लागे. मुठीच्या एका फेऱ्यात आठ चित्रचौकटी पुढे सरकत आणि सेकंदाला साधारण दोन फेरे धरले तर सोळा चौकटी होत. ३५ मिलिमीटरच्या पट्टीवर एका फुटात सोळाच चौकटी बसतात, म्हणजे एका सेकंदाला एक फूट पट्टी खर्च होई. कॅमेऱ्याच्या पेटीत दोनशे ते चारशे फूट पट्टी मावे, त्यामुळे तीन ते सहा मिनिटांनंतर थांबून नवी पट्टी भरणे भागच होते. सलग नाटक एका दमात टिपणे यंत्रालाच शक्य नव्हते. थांबावे लागणारच होते, तर थांबल्यावर कॅमेरा हलवावा, हा विचार मात्र दिग्दर्शकाचा आहे आणि त्याचे श्रेय तोरणे यांना द्यायला हवे.

दुसरी अडचण रंगांची होती. त्या काळच्या पट्टीला तांबडा रंग दिसत नसे, तो काळाच उमटे. कपाळावरचे कुंकू काळ्या टिक्क्यासारखे आणि गालांवरची लाली डागांसारखी दिसे. गॅसबत्तीच्या उजेडासाठी रंगवलेला नाटकाचा चेहरा भर उन्हात कॅमेऱ्यासमोर उभा केला की त्याची दशा काय होत असेल, याची कल्पना करता येईल. टिपलेली पट्टी धुण्यासाठी लंडनला पाठवली गेली. आगबोटीने सुएझमार्गे जाण्यायेण्यातच कित्येक आठवडे जात, त्यामुळे एखादा प्रसंग फसला आहे हे कळेपर्यंत तो पुन्हा घेण्याची सोय उरलेली नसे. आजचा दिग्दर्शक प्रत्येक टेक लगेच पडद्यावर पाहतो, म्हणून हा मुद्दा मुद्दाम सांगितला.

हा चित्रपट किती लांबीचा होता? त्याला सेन्सॉरचे प्रमाणपत्र मिळाले होते का?

सुमारे बावीस मिनिटांचा होता, अशी नोंद आढळते. प्रमाणपत्राचा प्रश्नच उद्भवत नव्हता, कारण चित्रपटांवर नियंत्रण आणणारा पहिला कायदा १९१८ चा आणि त्यानुसार परीक्षण मंडळे कामाला लागली ती १९२० पासून. १९१२ मध्ये चित्रगृहाचा चालक तयार झाला की चित्रपट लागत असे. ‘पुंडलिक’ साधारण दोन आठवडे चालला आणि त्याची जाहिरात ‘टाइम्स ऑफ इंडिया’त आली होती. पहिल्या चित्रपटाच्या वादात तोरणे यांच्या बाजूने सर्वांत भक्कम पुरावा म्हणून तीच जाहिरात दाखवली जाते.

मग भारताचा पहिला चित्रपट तोरणे यांचा की दादासाहेब फाळके यांचा?

हा प्रश्न एका वाक्यात सुटत नाही, कारण ‘पहिला’ या शब्दापुढे काय जोडायचे यावर उत्तर बदलते.

नुसते चलच्चित्र म्हणायचे असेल, तर दोघेही पहिले नव्हेत. ७ जुलै १८९६ रोजी मुंबईच्या वॉटसन हॉटेलात ल्युमिए बंधूंच्या चित्रफिती दाखवल्या गेल्या आणि त्यातून प्रेरणा घेऊन हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजेच सावेदादा, यांनी १८९९ मध्ये कुस्तीचा सामना चित्रित केला. कथा सांगणारा आणि पैसे घेऊन चित्रगृहात दाखवलेला चित्रपट म्हणायचा असेल, तर १८ मे १९१२ चा ‘श्री पुंडलिक’ हा फाळके यांच्या ३ मे १९१३ च्या ‘राजा हरिश्चंद्र’पेक्षा जवळजवळ वर्षभर आधीचा आहे. योगायोग असा की दोन्ही चित्रपट एकाच कोरोनेशन चित्रगृहात लागले.

‘पुंडलिक’ला पहिलेपणाचा मान नाकारणारे तीन कारणे देतात. एक, ते नाटकाचे चित्रण होते. दोन, कॅमेरामन इंग्रज होता. तीन, पट्टी लंडनला धुतली गेली. यांपैकी शेवटची दोन कारणे आम्हाला लंगडी वाटतात. परदेशी तंत्रज्ञ असणे हा दोष मानला, तर पुढे ज्यांचे बहुतेक चित्रपट फ्रान्झ ऑस्टेन या जर्मन दिग्दर्शकाने केले, त्या बॉम्बे टॉकीज या निर्मितीसंस्थेचे आरंभीचे चित्रपटही भारतीय म्हणता येणार नाहीत. रसायनशाळा कोठे होती यावर तर चित्रपटाचे राष्ट्रीयत्व कोणी ठरवत नाही.

पहिल्या कारणात मात्र तथ्य आहे आणि कोकणाभिमानापोटी ते झटकून टाकणे योग्य नाही. नाटकाचे चित्रण ग्राह्य धरायचे ठरवले, तर कोलकात्याचे हिरालाल सेन आपला हक्क सांगत पुढे येतात, कारण त्यांनी तेथील क्लासिक थिएटरमधील नाटकांचे प्रसंग विसाव्या शतकाच्या पहिल्या काही वर्षांतच टिपले होते. त्यांच्या फिती १९१७ मध्ये आगीत नष्ट झाल्या. म्हणजे तोरणे यांच्या बाजूने केलेला अतिउत्साही युक्तिवाद मुंबईहून निघून कोलकात्याला पोहोचतो, ही त्यातली गंमत. उलट फाळके यांनी लंडनहून कॅमेरा आणला, पटकथा स्वतः लिहिली, दादरच्या घरात पट्टी धुण्याची सोय केली, पत्नी सरस्वतीबाईंना पट्टीला छिद्रे पाडण्याचे काम शिकवले आणि सुमारे ३,७०० फूट लांबीचा चित्रपट केवळ कॅमेऱ्यासाठी रचला. एका चित्रपटावर न थांबता त्यांनी निर्मितीची परंपराच सुरू केली.

आमच्या मते न्याय्य विधान असे होईल: चित्रगृहात प्रदर्शित झालेला भारतीय कथापट म्हणून ‘श्री पुंडलिक’ आधीचा, आणि पूर्णतः चित्रपट म्हणून कल्पिलेला व येथेच घडवलेला पहिला दीर्घ कथापट ‘राजा हरिश्चंद्र’. दोन्ही वाक्ये एकाच वेळी खरी असू शकतात.

सरकारचे याबाबत काय म्हणणे आहे?

भारतीय चित्रपटाची शताब्दी ३ मे १९१३ हा दिवस धरून साजरी झाली आणि चित्रपट क्षेत्रातील सर्वोच्च राष्ट्रीय पुरस्कार १९६९ पासून फाळके यांच्या नावाने दिला जातो. तोरणे यांना पहिलेपणाचा मान मिळावा म्हणून २०१३ मध्ये मुंबई उच्च न्यायालयात दाद मागण्यात आली होती. अधिकृत कालगणना आजही फाळके यांच्यापासूनच आहे.

‘श्री पुंडलिक’ आज पाहता येतो का?

नाही. त्याची एकही प्रत उपलब्ध नाही. ‘पुंडलिक’ची म्हणून एखादी चित्रफीत कोणी मोबाइलवर पाठवली, तर ती दुसऱ्याच कोणत्या तरी मूकपटाची आहे असे खुशाल समजावे.

‘पुंडलिक’नंतर त्यांनी लगेच दुसरा चित्रपट का काढला नाही?

त्यांचे पोट नोकरीवर होते आणि नोकरीने त्यांची बदली कराचीला केली. वरवर पाहता ही कारकीर्द खंडित होण्याची गोष्ट आहे, पण पुढच्या सगळ्या व्यवसायाची पायाभरणी तेथेच झाली. कराचीत त्यांची ओळख बाबूराव पै यांच्याशी झाली. हेच पै पुढे ‘फेमस पिक्चर्स’ या वितरणसंस्थेमुळे आणि मुंबईत महालक्ष्मीच्या फेमस स्टुडिओमुळे प्रसिद्ध झाले. दोघांनी चित्रपट वितरणात लक्ष घातले.

वितरण हा शब्द कोरडा वाटतो, म्हणून थोडे विस्ताराने. चित्रपट तयार झाल्यावर त्याच्या मोजक्या प्रती निघत. त्या पत्र्याच्या डब्यांतून रेल्वेने गावोगाव पाठवायच्या, चित्रगृहाशी ठराविक भाडे किंवा उत्पन्नातील हिस्सा ठरवायचा, आठवडा संपला की तीच प्रत पुढच्या गावी वेळेत पोहोचेल असे पाहायचे, फाटलेली पट्टी जोडून घ्यायची आणि चित्रगृहाने सांगितलेला गल्ला खरा आहे की नाही याची खातरजमा करायची, हा सगळा उद्योग वितरकाचा. आधी चित्रपट करून मग वितरणात उतरलेल्या माणसाला प्रेक्षक कशाला पैसे देतो हे आकड्यांत कळते. तोरणे यांनी पुढे निर्माता म्हणून जे निर्णय घेतले, त्यांच्यामागे हा व्यापारी अनुभव दिसतो.

बोलपटाच्या आगमनाशी त्यांचा काय संबंध?

पै आणि तोरणे यांनी ‘मूव्ही कॅमेरा कंपनी’ स्थापून परदेशी चित्रयंत्रे आणून विकण्यास सुरुवात केली होती. त्याच सुमारास तोरणे यांचा अर्देशीर इराणी यांच्याशी संबंधित सागर फिल्म कंपनीशीही संबंध आला आणि तेथे त्यांनी १९३० मध्ये ‘सिंदबाद खलाशी’ हा मूकपट दिग्दर्शित केला. दर्यावर्दी खलाशाची कथा मालवणच्या माणसाने पडद्यावर आणावी, हे आम्हाला तरी आवडते.

इराणी यांचा ‘आलम आरा’ हा पहिला भारतीय बोलपट १४ मार्च १९३१ रोजी मुंबईच्या मॅजेस्टिक सिनेमात लागला. त्याचे चित्रीकरण बरेचसे रात्री करावे लागले, कारण स्टुडिओ रेल्वेमार्गाला खेटून होता आणि गाड्यांचा खडखडाट थांबल्याशिवाय ध्वनिमुद्रण होत नसे. मूकपटांचे स्टुडिओ आवाज रोखण्यासाठी बांधलेलेच नव्हते. या एका चित्रपटानंतर देशातील प्रत्येक निर्मितीसंस्थेला ध्वनिमुद्रण यंत्र हवे झाले आणि तोरणे यांच्याकडे ‘ऑडिओ-कॅमेक्स’ या यंत्राचा व्यवसाय होता. मूकपटातून बोलपटात जाताना अनेक कंपन्या कोलमडल्या. ज्यांना यंत्र मिळाले आणि ते चालवता आले, त्या तरल्या. त्या संक्रमणात यंत्रविक्रेत्याचे स्थान नटनट्यांइतकेच महत्त्वाचे होते, परंतु श्रेयनामावलीत विक्रेत्याचे नाव झळकत नाही.

‘सरस्वती सिनेटोन’ने कोणते चित्रपट काढले?

संस्थेचा पहिला मोठा विजय म्हणजे १९३२ चा ‘श्यामसुंदर’. दिग्दर्शन भालजी पेंढारकर यांचे होते. कृष्णाच्या भूमिकेसाठी निवडलेला मुलगा होता अहमदनगरच्या ख्रिस्ती कुटुंबातील शाहू मोडक. पुढे तो कृष्णाच्या भूमिकांसाठीच घराघरात ओळखला गेला. शांता आपटे यांचाही पडद्यावरील प्रवेश याच चित्रपटातून झाला. मुंबईत हा चित्रपट एकाच चित्रगृहात २५ आठवड्यांहून अधिक चालला आणि रौप्यमहोत्सव गाठणारा पहिला भारतीय चित्रपट म्हणून त्याचे नाव घेतले जाते. त्याच वर्षी ६ फेब्रुवारीला प्रभात फिल्म कंपनीचा ‘अयोध्येचा राजा’ हा पहिला मराठी बोलपट आला होता, म्हणजे मराठी बोलपट जेमतेम पाळण्यात असताना हे घडले.

त्यानंतर १९३३ मध्ये ‘औट घटकेचा राजा’ आला, त्याचे दिग्दर्शन मास्टर विठ्ठल यांनी केले. १९३४ मध्ये ‘भक्त प्रल्हाद’ आणि पार्श्वनाथ आळतेकर यांनी दिग्दर्शित केलेला ‘छत्रपती संभाजी’ आले. पुढेही ‘नारद नारदी’ (१९४१) पर्यंत संस्थेचे काम चालू राहिले. यादीपेक्षा निवड पाहण्यासारखी आहे. भालजी, मास्टर विठ्ठल, आळतेकर अशा निरनिराळ्या प्रकृतीच्या दिग्दर्शकांना त्यांनी काम दिले आणि स्वतः निर्मात्याच्या खुर्चीत बसले. ज्याच्याकडे स्वतःचे यंत्र आहे, स्वतःचा स्टुडिओ आहे आणि दिग्दर्शनाचा अनुभवही आहे, त्याने दुसऱ्याला दिग्दर्शन करू देणे ही साधी गोष्ट नव्हे.

पडद्यावरची पहिली दुहेरी भूमिका तोरणे यांच्या चित्रपटात होती, हे खरे का?

अर्धे खरे. ‘औट घटकेचा राजा’मध्ये शाहू मोडक यांची दुहेरी भूमिका होती आणि बोलपटांच्या संदर्भात तिचा पहिली म्हणून उल्लेख होतो. मात्र फाळके यांच्या १९१७ च्या ‘लंकादहन’ या मूकपटात अण्णा साळुंके यांनी राम आणि सीता या दोन्ही भूमिका केल्या होत्या.

त्यांना नेमके काय म्हणावे: दिग्दर्शक, लेखक की निर्माता?

पहिल्या काळात दिग्दर्शक, पुढे मुख्यतः निर्माता. लेखक म्हणून त्यांची स्वतंत्र ओळख सांगता येणार नाही. ‘पुंडलिक’चे नाटक दुसऱ्याचे होते. मात्र त्या काळी ही तीन कामे आजच्यासारखी वेगळी नव्हती. कोणता प्रसंग घ्यायचा, तो कोठे तोडायचा आणि कोणत्या क्रमाने जोडायचा हे ठरवणारा माणूस कागदावर एक अक्षर न लिहिताही पटकथेचेच काम करत असे.

विधी शाखेचे विद्यार्थी याला जोडून हक्कांविषयी विचारतात. १९५७ च्या कॉपीराइट कायद्यानुसार चित्रपटाचा कर्ता म्हणजे निर्माता. दिग्दर्शकाला ते स्थान नाही. कथा, संवाद आणि गीते यांच्या लेखकांचे हक्क वेगळे आहेत आणि २०१२ च्या दुरुस्तीने त्यांच्या मानधनाच्या हिश्शाला अधिक संरक्षण दिले. कुडाळच्या एकांकिका स्पर्धेतून चित्रपटलेखनाकडे वळणाऱ्या मुलांनी करारावर सही करण्यापूर्वी एवढे माहीत करून घ्यावे.

दशावताराचा त्यांच्यावर प्रभाव होता का?

असे म्हणण्याचा मोह सिंधुदुर्गात सर्वांनाच होतो. दशावतार हे कोकणातले लोकनाट्य. देवळापुढे रात्रभर चालणारा खेळ, हार्मोनियम-मृदंगाची साथ, आडदशावतारातला, म्हणजे खेळाच्या सुरुवातीच्या भागातला, संकासुर आणि लिखित संहितेशिवाय उभ्या राहणाऱ्या पौराणिक कथा हे सगळे मालवण भागातील मुलाच्या कानांवरून आणि डोळ्यांसमोरून जातेच. परंतु ‘पुंडलिक’ आला तो मुंबईच्या संगीत नाटकातून. पुढच्या पौराणिक चित्रपटांसाठीही दशावतारापर्यंत जाण्याची गरज पडत नाही, कारण तीसच्या दशकात पुराणकथा सर्वच निर्मितीसंस्था काढत होत्या. आपल्या मातीचे ऋण शोधताना पुराव्याचा धागा सोडू नये.

त्यांच्याखेरीज कोकणाने चित्रपटाला काय दिले?

तो स्वतंत्र विषय आहे, म्हणून येथे दोनच उदाहरणे. कुडाळजवळच्या तेंडोलीशी नाते असलेल्या चिं. त्र्यं. खानोलकरांच्या ‘कोंडुरा’वरून श्याम बेनेगल यांनी आणि ‘चानी’वरून व्ही. शांताराम यांनी चित्रपट केले. शिरोड्याजवळच्या आरवलीचे जयवंत दळवी यांच्या ‘चक्र’वरूनही हिंदी चित्रपट झाला.

‘सरस्वती सिनेटोन’ बंद का पडली?

चाळीसच्या दशकात स्टुडिओ-पद्धतीच मोडकळीस आली. दुसऱ्या महायुद्धात कच्च्या फिल्मचा तुटवडा पडला आणि सरकारने तिचे वाटप परवान्याने सुरू केले. पगारावर असलेले नट स्टुडिओ सोडून चित्रपटागणिक पैसे घेऊ लागले आणि युद्धात कमावलेला पैसा घेऊन नवे निर्माते बाजारात उतरले. वर्षभर कारागीर, यंत्रे आणि जागा सांभाळणाऱ्या संस्थांना हा खर्च झेपेना. प्रभातसारखी संस्थाही १९५३ पर्यंत थांबली, तेथे लहान संस्थांचे काय. तोरणे यांचे शेवटचे दिवस पुण्यात गेले.

शाळेच्या प्रकल्पासाठी कोणती साधने वापरावीत?

‘पुंडलिक’वर भर देऊ नये, कारण पाहण्यासारखे काही उरलेले नाही. ‘श्यामसुंदर’, बोलपटाचे आगमन आणि वितरण यांवर लिहिले तर नवे काही हाती लागेल. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात, जे १९६४ मध्ये स्थापन झाले, जुनी भित्तिपत्रके, छायाचित्रे आणि प्रचारपुस्तिका जतन केलेल्या आहेत. पत्र पाठवून आधी परवानगी घ्यावी. जुन्या इंग्रजी सूचींत आडनाव ‘टॉर्नी’ असे वाचले जाईल अशा वळणाने छापलेले असते, त्यामुळे नाव सापडले नाही म्हणून शोध सोडू नये.

गावात त्यांच्या स्मरणाचा कार्यक्रम कोणत्या तारखेला करावा?

१८ मे ही तारीख सर्वांच्या तोंडी असली, तरी ती शाळांच्या सुट्टीत येते. त्या दिवशी चाकरमानी गावात असतात, म्हणून गावकऱ्यांसाठी कार्यक्रम करायचा असेल तर ती सोयीची आहे. विद्यार्थ्यांसाठी करायचा असेल, तर १९ जानेवारी हा त्यांचा स्मृतिदिन अधिक योग्य. तेव्हा शाळा भरलेल्या असतात. संध्याकाळचा कार्यक्रम मात्र त्या दिवशी ठेवू नये. तो जत्रांचा हंगाम असतो, जवळच्या एखाद्या देवळात दशावताराचा खेळ लागलेला असतो आणि मग सभेला कोणी येत नाही.